एलिसेओ मोंतास, वय तेहतीस (कागदोपत्री)

२४ ऑक्टोबर २००३, सकाळी ९

नवी वही, नवा सीझन. लिहायची सवय तैवानला लागली. तिथे मनाचा एक कोच होता. रोज दोन ओळी खरं लिहा, चेंडू आपोआप सरळ जाईल, म्हणायचा. चार महिन्यांत त्यांनी मला काढलं, पण सवय राहिली.

तर खरं ते लिहितो. एलिसेओ मोंतास. डावखुरा पिचर. वय ३३. आजवरचे संघ अकरा, देश पाच. अमेरिकेच्या मोठ्या लीगमध्ये एकोणीस दिवस. त्या एकोणीस दिवसांत दोन बॅट्समन वाट्याला आले. पहिल्याला चारही चेंडू बाहेर पडले, तो चालत बेसवर गेला. दुसऱ्याने मारलेला चेंडू बहुतेक अजून खाली आलेला नाही. पण एकोणीस दिवस म्हणजे एकोणीस दिवस. आमच्या गावात दुसऱ्या कुणाचा एक तास तरी आहे का?

यंदा बारावा संघ, आणि तोही आपल्याच देशातला, घरापासून बसने पाऊण तास. संघाचं नाव खेकडे. हसणाऱ्यांनी खुशाल हसावं.

संकल्प करतो. तळलेली केळी बंद. सकाळी वीस मिनिटं धावणं. मॅनेजर प्लिनियोच्या तोंडी लागायचं नाही. आणि कुकोशी ती गोष्ट बोलून टाकायची. या सीझनला नक्की. फक्त आधी दोन-तीन मॅच चांगल्या होऊ देत, म्हणजे बोलायला मूड असतो.

२४ ऑक्टोबर, दुपारी २

सकाळी ३३ लिहिलं ते सवयीने. वही माझी, वाचणारा मी, मग खोटं कशाला? ३५.

२७ ऑक्टोबर

काल पहिली मॅच. माझं काम तसं सुटसुटीत. मॅच अडली आणि समोरच्यांचा डावखुरा बॅट्समन आला की प्लिनियो मला बोलावतो. एकच बॅट्समन. त्याला आऊट करायचं आणि जाऊन बसायचं. डावखुऱ्याला डावखुऱ्याचा चेंडू नीट दिसत नाही, असं म्हणतात. कालच्याला फारच नीट दिसला. होमरन. वारा होता.

प्लिनियो म्हणाला, एलिसेओ, तुला एक माणूस दिला होता, एक! संकल्पाप्रमाणे मी गप्प बसलो. नंतर तळलेली केळी खाल्ली. एकाच दिवशी दोन-दोन संकल्प पाळले की शरीरावर ताण येतो.

३ नोव्हेंबर

सुट्टी होती, घरी गेलो. कुकोसाठी संघाची नवी टोपी नेली. कुको माझा धाकटा भाऊ. हमरस्त्याला पत्र्याच्या टपरीत पंक्चर काढतो. टपरीच्या भिंतीवर माझ्या अकराही संघांच्या टोप्या खिळ्याला लावलेल्या आहेत. बारावी मी स्वतः लावली. त्याने एकही कधी डोक्यावर घातलेली नाही. हात तेलकट असतात ना त्याचे, म्हणून.

आईने भात आणि राजमा वाढला आणि ताट पुढे सरकवता सरकवता म्हणाली, नायरोबीचं अडलंय. नायरोबी म्हणजे कुकोची मुलगी, तेरा वर्षांची. ती रांगत होती तेव्हा तिची आई बोटीत बसून पोर्तो रिकोला गेली ती गेलीच. पोरगी वर्गात पहिली. आठवीची सरकारी परीक्षा जूनमध्ये आहे, आणि शाळा म्हणते तीस जानेवारीच्या आत जन्माचा दाखला आणा, नाहीतर बसता येणार नाही. दाखला नाही, कारण जन्म नोंदवायला बापाचं ओळखपत्र लागतं. बापाला ओळखपत्र नाही, कारण त्याला बापाचा स्वतःचा जन्मदाखला लागतो. आणि बापाचा दाखला... इथे आई थांबली आणि माझ्याकडे बघत राहिली.

मी म्हटलं, आई, राजमा झकास झालाय.

४ नोव्हेंबर, सकाळी ६

चोराच्या मनात चांदणं. डोळ्याला डोळा नाही. लिहूनच टाकतो, म्हणजे आज चेंडू सरळ जाईल.

मी एलिसेओ नाही. एलिसेओ म्हणजे कुको. मी फाउस्तीनो, घरात तीनो. १९८८ साली मी एकवीस वर्षांचा होतो आणि कुको सतराचा. आमच्याकडे क्लबांची माणसं सोळा-सतराची पोरं उचलतात. एकविसाचा म्हणजे म्हातारा, त्याला कुणी कॉफीसुद्धा विचारत नाही. वडिलांनी धाकट्याचा दाखला माझ्या हातात दिला आणि माझा चुलीत घातला. एका घरात दोन कागद सापडले तर दोघेही बुडाल, म्हणाले. माझं ओळखपत्र काढायचं तोवर राहूनच गेलं होतं, ते पथ्यावरच पडलं. त्या दिवसापासून मी एलिसेओ, वय सतरा. चारचौघांत धाकट्याला कुणी चुकून एलिसेओ म्हणू नये म्हणून वडिलांनी त्याला कुको नाव पाडलं. पुढच्या वर्षी त्याचंही काहीतरी जमवू, असं ठरलं होतं. पुढच्या वर्षी वडीलच गेले.

तर वय ३७. लिहिलं एकदाचं. हलकं वाटतंय. कुकोला तसंही बेसबॉलचं एवढं वेड नव्हतं.

आणखी एक. मी कांपेचेला असताना लग्न केलं होतं, ते दोन वर्षांत मोडलं. सगळे कागद एलिसेओच्या नावाने. म्हणजे कायद्याने पाहिलं तर कुकोचं मेक्सिकोत एक लग्न आणि एक घटस्फोट झालाय. हे अजून त्याच्या कानावर घातलेलं नाही. योग्य वेळ बघतोय.

११ नोव्हेंबर

आठवड्यात दोन बॅट्समन. एक आऊट, एक चालत बेसवर. म्हणजे पन्नास टक्के. शाळेत मला कधी पन्नास टक्के मिळाले नव्हते.

नायरोबीचा विचार केला. आमचा सीझन वीस जानेवारीच्या सुमाराला संपेल, शाळेची मुदत तीसची. दहा दिवस हातात. आरामात होईल. उगाच आत्ता घाई करून डोकं फिरवून घेण्यात अर्थ नाही.

१९ नोव्हेंबर, सकाळी ११

युक्ती सुचली! एवढी सोपी की सोळा वर्षांत कुणालाच कशी सुचली नाही याचं नवल वाटतं. माझ्या ओळखपत्रावर नाव काय? एलिसेओ मोंतास. नायरोबीच्या बापाचं खरं नाव काय? एलिसेओ मोंतास. मग मीच नोंदणी कचेरीत जायचं, ही माझी मुलगी म्हणायचं आणि सही ठोकायची. दाखल्यावरचं अक्षर न् अक्षर खरं! ना कुणाचं नाव बदलायचं, ना माझा सीझन बुडायचा.

लगेच कुकोला फोन लावला. तो म्हणाला, म्हणजे माझ्याच पोरीचा बाप म्हणून सही तू करणार. मी म्हटलं, अरे, नाव तुझंच लागतंय ना? तो म्हणाला, हो, लागतंय. मग म्हणाला, कधी येतोस? मी म्हटलं, पंचवीस तारीख, मंगळवार, सकाळी आठ. काळ्या दगडावरची रेघ.

आज फार चांगलं वाटतंय. माणसाने दुसऱ्यासाठी काहीतरी करावं.

२५ नोव्हेंबर

गेलो नाही. कारण मात्र पक्कं आहे. काळा चष्मा घातलेला एक माणूस तिसऱ्या रांगेत रोज बसतो आणि वहीत काहीतरी टिपतो. आमचा कॅचर विल्मर म्हणतो, मेक्सिकोतल्या कुठल्याशा क्लबचा असणार. आज तो सरावालाही येण्याची शक्यता होती. असा माणूस दारात आलेला असताना सरकारी कचेरीत जाऊन आपलंच नाव-गाव उकरत बसणं शहाणपणाचं नाही. उद्या एखाद्या कारकुनाने विचारलं, साहेब, तेहतीस म्हणता पण मान तर चाळिशीची दिसते, तर मी काय करू? आणि करार झाला तर फायदा कुणाचा? नायरोबीचाच. चांगला वकील लावू.

चष्मेवाला आज सरावाला आला नाही. कुकोला अननसाचा केक पाठवला. मोठा घेतला.

२६ नोव्हेंबर

आईचा फोन. कुको काल टपरी बंद ठेवून, आंघोळ करून, पांढरा शर्ट घालून आठ ते बारा कचेरीच्या पायरीवर बसला होता. शेजारी नायरोबी, शाळेच्या इस्त्री केलेल्या युनिफॉर्ममध्ये. येणारा-जाणारा विचारत होता, कुको, लग्न आहे का कुणाचं? आई म्हणाली, मेल्या, केक कसला पाठवतोस? वाढदिवस आहे का कुणाचा?

मी सांगितलं की मॅनेजरने सोडलं नाही. खरं म्हणजे काल प्लिनियोनेच मला विचारलं होतं, एलिसेओ, आज पिचरांना सुट्टी आहे, तू इथे काय करतोयस? पण हे तपशील आईला सांगून काय उपयोग, तिचं ब्लडप्रेशर आहे.

वाईट वाटतंय. पांढरा शर्ट त्याच्याकडे एकच आहे, वडिलांच्या वेळचा.

९ डिसेंबर

आज मात्र गेलो! नवी तारीख मीच कळवली होती आणि मीच पाळली. सकाळी सात चाळीसला कचेरीसमोरच्या किराणा दुकानात हजर. थंड माल्टाची बाटली मागवून खुर्चीवर बसलो. समोर खिडकीतून आतलं दिसत होतं. कारकून बाईंनी कपाटातून एक जाडजूड जुनी वही काढली, टेबलावर आपटली, धूळ उडाली. एकेक पान उलटत होत्या. त्यातल्याच एका पानावर आमचे वडील असणार, अंगठा उठवून.

आठला कुको आणि नायरोबी आले. पांढरा शर्ट. मी हात केला. कुको म्हणाला, ओळखपत्र आणलंस? मी खिसे चाचपले, सगळे. म्हटलं, अरे देवा, लॉकरमध्येच राहिलं! खरंच राहिलं होतं. सकाळी निघताना मीच ते लॉकरमध्ये ठेवलं होतं.

नायरोबी म्हणाली, काका, परत आणायला जायला पाऊण तास, यायला पाऊण तास. कचेरी बारापर्यंत उघडी आहे. हिशेबात पोरगी पक्की. मी म्हटलं, बेटा, संध्याकाळी मॅच आहे, हाताला विश्रांती लागते. ती म्हणाली, एकच बॅट्समन असतो ना तुम्हाला?

तिला एक माल्टा घेऊन दिला. तिने तो कुकोला दिला.

१५ डिसेंबर

चष्मेवाल्याचा उलगडा झाला. मॅचनंतर मी स्वतःच पुढे होऊन हात मिळवला, म्हटलं एलिसेओ मोंतास, डावखुरा, तेहतीस. तो म्हणाला, बरं बरं, छान. स्टेडियमला बिअर पुरवणाऱ्यांचा माणूस आहे. कुठल्या रांगेत किती ग्लास जातात ते टिपतो. मी पिच करायला आलो की विक्री वाढते म्हणाला. लोक उठून बाहेर जातात.

म्हणजे प्रेक्षकांवर माझा परिणाम होतो हे तरी सिद्ध झालं.

२५ डिसेंबर, सकाळी १०

काल घरी सणाचं जेवण. डुकराचं भाजलेलं मांस, केळीच्या पानातले पास्तेल, आईच्या हातचा भात. कुकोने मला सालीचा कुरकुरीत तुकडा स्वतःच्या ताटातून काढून दिला. लहानपणी आम्ही त्यावरून मारामारी करायचो.

जेवताना नायरोबीने माझं जुनं बेसबॉल कार्ड आणून टेबलावर ठेवलं, मोठ्या लीगमधलं. कुको ते टपरीतल्या डब्यात ठेवतो. तिने विचारलं, काका, फोटो तुमचा आणि नाव बाबांचं, असं का? आई म्हणाली, छापणाऱ्यांची चूक. पोरगी म्हणाली, मग कधी दुरुस्त करणार? कुकोने तिला म्हटलं, भात घे अजून.

चार नोव्हेंबरला मी वर लिहिलंय की कुकोला बेसबॉलचं वेड नव्हतं. ते खोडत नाही, पण खरं लिहितो. ८८ साली क्लबचा माणूस आला तो मला बघायला आलाच नव्हता. तो कुकोला बघायला आला होता. कुको शॉर्टस्टॉप होता. दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मधली ती जागा, जिथे सगळ्यात चपळ पोराला उभं करतात. दोन गावांपलीकडे त्याचं नाव गेलं होतं. त्या माणसाच्या चिठ्ठीवर लिहिलेलं होतं: एलिसेओ मोंतास, शॉर्टस्टॉप, १७. वडिलांनी मला पुढे केलं. हा घ्या एलिसेओ. तो म्हणाला, हा तर डावखुरा, डावखुरा शॉर्टस्टॉप कधी ऐकलाय का कुणी? वडील म्हणाले, साहेब, पिचिंगही करतो. त्याने खांदे उडवले आणि माझ्या हातात चेंडू दिला. वडिलांचं म्हणणं होतं की थोरल्याची ही शेवटची संधी, धाकट्याला वेळ आहे.

कुको कुंपणाजवळ उभा होता. हातात ग्लव्ह. मी चेंडू टाकत असताना एकदा त्याच्याकडे बघितलं आणि मग नाही बघितलं.

मला तेव्हा बोलता आलं असतं. वय एकवीस होतं माझं, सतरा नव्हतं.

६ जानेवारी

सणाची सुट्टी. कचेरी बंद. माझा इलाज नाही.

तरी पण मनाशी ठरवलंय. सीझन संपला की कुकोपुढे उभं राहायचं आणि सगळं बोलायचं. तोवर त्याला टायर काढायचा नवीन लोखंडी पाना घेतला. चांगल्या कंपनीचा.

१२ जानेवारी

प्लिनियोने केबिनमध्ये बोलावलं. बस म्हणाला, म्हणजे कळलंच. कालचा बॅट्समन डावखुरा होता, वीस वर्षांचं पोर, त्याने माझ्या पहिल्याच चेंडूवर तीन धावा काढून दिल्या. प्लिनियो म्हणाला, एलिसेओ, पुरे झालं. तुझा हात दमलाय, त्याला घरी ने.

मी म्हटलं, तेहतीस म्हणजे काही वय नाही. प्लिनियो हसायलाच लागला. म्हणाला, अरे तीनो, माझी आत्या तुमच्याच गल्लीत राहते. तू सदतीसचा आहेस हे मला मी स्वतः खेळत होतो तेव्हापासून माहीत आहे. आत्याने मला तुझ्या बारशाचा फोटो दाखवलाय. मी म्हटलं, आणि क्लबला? तो म्हणाला, क्लबला डावा हात हवा होता, दाखला कोण चाटतो? तू सांगितलं असतंस तरी कुणी काही केलं नसतं.

तू सांगितलं असतंस तरी कुणी काही केलं नसतं. बसमध्ये हेच वाक्य घोळवत होतो. म्हणजे मी ज्याच्या भीतीने कचेरीत गेलो नाही, ते भूत नव्हतंच. माझ्यापुरतंच पाळलेलं होतं.

१३ जानेवारी

नीट विचार केला. मोठा निर्णय घेतला. मी कुकोचं नाव परत करणार. कचेरीत जाऊन सगळं कबूल करणार, लागला तर दंड भरणार, आणि एलिसेओ मोंतास हे नाव ज्याचं त्याला देणार. मग तो स्वतःचं ओळखपत्र काढेल, स्वतःच्या पोरीचा बाप म्हणून स्वतः सही करेल. करिअर सोडून भावासाठी एवढं करणारी माणसं या देशात किती असतील?

करिअर कालच संपलं, हा निव्वळ योगायोग.

२१ जानेवारी

आल्ताग्रासियामातेचा सण. कचेरी बंद. मेणबत्ती लावली आणि भाषण पाठ केलं. आरशासमोर तीनदा म्हटलं. तिसऱ्यांदा रडू आलं, म्हणजे चांगलं जमलंय.

२२ जानेवारी

सकाळी टपरीवर गेलो. कुको ट्रकचं चाक काढत होता. मी सुरू केलं, कुको, सोळा वर्षांपूर्वी मी तुझ्याकडून जे घेतलं... तो म्हणाला, थांब, हा नट धर. धरला. पुन्हा सुरू केलं. तो म्हणाला, सोडू नकोस रे, पायावर येईल. चाक निघालं. मग मी एका दमात सगळं बोललो. ग्लव्ह, कुंपण, चिठ्ठी, सगळं. म्हटलं, मला माफ कर, आणि चल, मी तुझं नाव परत द्यायला आलोय.

कुकोने पॅन्टला हात पुसले, खिशातून एक कार्ड काढलं आणि माझ्या हातात दिलं. कोरं करकरीत ओळखपत्र. फोटो कुकोचा. नाव फाउस्तीनो मोंतास. वय ३७.

मग कॉफी घेऊन टपरीवर आलेल्या आईने सांगितलं. नऊ डिसेंबरला मी ओळखपत्र विसरलो, त्याच्या दुसऱ्या दिवशी ती नायरोबीच्या शाळेतल्या बाईंना घेऊन कचेरीत गेली. म्हणाली, माझ्या थोरल्या मुलाचा दाखला हरवलाय. कारकून बाईंनी वही उघडली, नक्कल उतरवून दिली. दहा मिनिटं लागली. आई कपाळावर हात मारून म्हणाली, तुझ्या बापाने कागद जाळला, सरकारची वही थोडीच जाळली? सोळा वर्षं आम्ही अडाण्यांनी त्या चुलीकडे बघत काढली. मग पाद्रीबाबांची चिठ्ठी, दोन साक्षीदार, ओळखपत्र, आणि मग नायरोबीची नोंद. बाप: फाउस्तीनो मोंतास. दाखला सोळा तारखेलाच शाळेत गेला. पोरगी परीक्षेला बसणार.

मी म्हटलं, मला सांगितलं का नाही? कुको म्हणाला, तू सीझनमध्ये होतास.

टोमणा नव्हता त्यात. तेच जास्त लागलं.

मी म्हटलं, पण तुझं खरं नाव? मी ते परत आणलंय. तो म्हणाला, ठेव तुलाच. वापरून वापरून झिजवलंस. शिवाय त्या नावाला मेक्सिकोत बायको होती म्हणे, तिच्या वकिलाची पत्रं आपल्याच पत्त्यावर यायची. मग म्हणाला, आता कागदावर थोरला मी. तेव्हा थोरल्याचं ऐक आणि ते टायर उचल.

दिवसभर टायर उचलले. माफ केलं की नाही ते तो बोललाच नाही, आणि पुन्हा विचारायचं मला धाडस झालं नाही. माझं नाव गेलं म्हणून वाईट वाटलं, आणि वाईट वाटलं याची लाज वाटली. त्याला असंच वाटत असेल, रोज, आणि वर मी टोप्या नेऊन देत होतो.

१ फेब्रुवारी, रविवार

गावच्या मैदानावर पस्तीसच्या वरच्यांची लीग सुरू झाली. टायरवाल्यांचा, न्हाव्यांचा आणि मासे विकणाऱ्यांचा मिळून एक संघ आहे. कुको म्हणाला, मी नाव देतोय, एवढी वर्षं ओळखपत्राशिवाय मला कुठल्याच लीगमध्ये घेत नव्हते. मीही ग्लव्ह घेऊन गेलो. म्हटलं, लोकांना जरा खरा पिचर बघू दे. तळलेली केळीही कालपासून बंद केली होती.

झाडाखाली टेबल टाकून गावचा न्हावी यादी लिहीत होता. कुकोचं ओळखपत्र बघून म्हणाला, फाउस्तीनो, सदतीस, चालेल. माझं बघितलं आणि परत दिलं. म्हणाला, तेहतीस? नाही चालत पोरा, दोन वर्षांनी ये. मी वाकून त्याच्या कानात सांगितलं, अहो, मी खरा सदतीसचा आहे, आणि तो खरा तेहतीसचा. न्हावी म्हणाला, इथे जो येतो तो हेच सांगतो. आई मागून म्हणाली, एकाच पोटचे दोन, दोघेही वयाचे चोर. सगळे हसले. कुकोसुद्धा हसला.

मी पायरीवर बसलो. कुकोने न्हाव्याचा ग्लव्ह मागून घेतला आणि जाऊन दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मध्ये उभा राहिला. सोळा वर्षांत तो मैदानात उतरलेला मी बघितलेला नव्हता. चौथ्या डावात एक सणसणीत फटका त्याच्या उजव्या हाताला लांब गेला, गेलाच होता तो. कुको कुठून पोचला कळलं नाही. ग्लव्ह उलटा टाकून चेंडू उचलला आणि पडता पडता पहिल्या बेसवर फेकला. थेट छातीवर. आऊट. मी पाच देशांत शॉर्टस्टॉप पाहिलेत, मोठ्या लीगमधलेही जवळून पाहिलेत. मला कळतं. न कळायला मी काही बिअरवाला नाही.

शेजारी एक म्हातारे गृहस्थ शेंगदाणे खात होते, बाहेरगावचे. म्हणाले, कोण हो हा? मी सांगितलं, फाउस्तीनो मोंतास, माझा भाऊ. ते म्हणाले, या वयात हे असं, तर सतराचा असताना काय असेल! कुणी नेला कसा नाही याला?

आणि मी सांगितलं. का ते कळत नाही, परका माणूस होता म्हणून असेल. म्हटलं, न्यायला आले होते. त्याच्या जागी मी गेलो.

त्यांनी शेंगदाणे खायचे थांबवले. मला वरपासून खालपर्यंत नीट बघितलं. मग विचारलं, बरं, मग तुम्ही कुठवर पोचलात?

मी खरं ते सांगितलं. एकोणीस दिवस, दोन बॅट्समन.

ते म्हणाले, एवढंच? आणि पुन्हा खेळ बघायला लागले. मीही बघायला लागलो. पुढचा चेंडूही कुकोकडेच गेला.